'म्हणे' म्हणतं कोण?

प्रश्न : "ती म्हणे नोकरी सोडतेय" या वाक्यात 'म्हणे'चा कर्ता कोण? ती? मी? की तिसरंच कोणी? क्रियापद म्हणावं तर कर्ता सापडत नाही, अव्यय म्हणावं तर 'म्हणणे' या क्रियापदाचं रूप समोर धडधडीत दिसतंय. 'म्हणून', 'म्हणजे' आणि 'पाहिजे' यांच्याबाबतीतही माझा असाच गोंधळ होतो. यांना नेमकं कुठल्या खात्यात घालायचं?

उत्तर : गोंधळ तुमचा नाही. हे शब्द खरोखरच एका खात्यातून दुसऱ्या खात्यात गेलेले आहेत, आणि जाताना जुन्या घराच्या खुणा अंगावर घेऊन गेलेले आहेत.

आधी 'म्हणे'. ही दोन वाक्यं शेजारी ठेवून पाहा : "आजी नेहमी म्हणे, लवकर निजा" आणि "आजी म्हणे लवकर निजते". पहिल्यात आजी बोलते. दुसऱ्यात आजी काहीच बोलत नाही, ती फक्त निजते. तिच्याबद्दलची बातमी कुठूनतरी माझ्या कानावर आली आहे, एवढंच तो 'म्हणे' सांगतो. त्याला आता कर्ता लागत नाही. "तू म्हणे नोकरी सोडलीस", "ते म्हणे गेले", "मी म्हणे रागीट आहे" असं काहीही म्हणा, पुरुष बदलला, वचन बदललं, तरी 'म्हणे' जागचा हलत नाही. त्याचा नकारही करता येत नाही. क्रियापदाचे सगळे हक्क त्यानं सोडले आणि त्या बदल्यात एक नवं काम घेतलं : ही माहिती माझी नाही, ऐकीव आहे.

मूळ रूप मात्र अस्सल क्रियापदाचं. जुन्या मराठीत 'करी', 'म्हणे' हा साधा वर्तमानकाळ होता. 'तुका म्हणे' म्हणजे 'तुका म्हणतो', 'म्हणत असे' नव्हे. पुढे 'करतो', 'म्हणतो' ही नवी रूपं आली आणि जुना वर्तमानकाळ मागे सरून रीतिभूतकाळ झाला : "तो रोज पहाटे उठे." त्या स्थलांतरात एक 'म्हणे' वेगळा पडला आणि ऐकीव माहितीचा शिक्का बनला. लॅटिन अमेरिकेतल्या स्पॅनिशमध्ये अगदी असाच 'दिस्के' आहे. 'म्हणतो की' या दोन शब्दांचा तो एकजीव झालेला गोळा, आणि त्यालाही 'ऐकलंय खरं, पण खात्री नाही' अशी छटा आहे. आपला 'म्हणे' याच वाटेनं आणखी पुढे जाऊन सरळ अविश्वास दाखवतो : "म्हणे मदत करणार!"

या प्रक्रियेला भाषाशास्त्रात व्याकरणीकरण म्हणतात. आंत्वान मेये या फ्रेंच अभ्यासकानं 1912 साली या अर्थाची फ्रेंच संज्ञा वापरात आणली. स्वतंत्र अर्थाचा शब्द हळूहळू व्याकरणाचं काम करू लागतो, असा तिचा आशय. माझ्या मते त्यातला महत्त्वाचा शब्द 'हळूहळू' हा आहे. कोणी एके दिवशी 'म्हणून' या शब्दाला उभयान्वयी अव्यय म्हणून नेमलेलं नाही. तो एकेका वाक्यातून सरकत गेला, आणि नशिबानं त्याचे सगळे मुक्काम आजच्या मराठीत अजून नांदते आहेत. "'येतो' म्हणून गेला" यात अजून तोंडानं बोलणं आहे. "पाऊस येईल म्हणून छत्री घेतली" यात बोलणं आहे का? मनाशी म्हणालो असेनही. इथेच सांधा बदलतो. ऐकणाऱ्याला 'असं मनाशी म्हणून' आणि 'या कारणानं' हे दोन्ही अर्थ बसतात, आणि एकदा दुसरा अर्थ बसला की पहिल्याची गरज उरत नाही. मग "पाऊस आला म्हणून थांबलो" यात कोणीच कोणाला काही म्हणत नाही. पुढे "पडू नये म्हणून धरलं" यात हेतू, "शिक्षक म्हणून काम करतो" यात भूमिका, "धप्प म्हणून आवाज झाला" यात नुसता नाद. आणि "'येतो' म्हणून म्हणाला" असं आपण सहज बोलतो, ते कानाला खटकत नाही. पहिलं 'म्हणून' आता क्रियापद राहिलेलं नाही, याचा याहून चांगला पुरावा मला माहीत नाही.

शेजारच्या भाषांनीही हेच केलं आहे. कन्नडमधलं 'एंदु', तेलुगूतलं 'अनि', बंगालीतलं 'बोले', नेपाळीतलं 'भनेर' हे सगळे मुळात 'म्हणून, बोलून' या अर्थाचे शब्द, आणि सगळे कमीअधिक याच कामाला लागलेले. इतक्या भाषा एकाच क्रियापदाकडे वळल्या हा योगायोग नसावा. कारण सांगणं हे मुळात कोणीतरी काहीतरी म्हणणंच असतं.

'म्हणजे' आणि 'पाहिजे' ही जोडी मला विशेष आवडते, कारण दोघांत एक हरवलेला प्रत्यय जपलेला आहे. जुन्या मराठीत '-इजे' लावून कर्मणी रूप होत असे : 'कीजे' म्हणजे केलं जावं, 'बोलिजे' म्हणजे बोललं जातं. 'म्हणिजे' म्हणजे 'म्हटलं जातं'. "अमुक म्हणजे तमुक" ही व्याख्येची मांडणी मुळात "अमुकला तमुक म्हटलं जातं" अशी होती. तसंच 'पाहिजे' म्हणजे 'पाहिलं जातं'. जे पाहिलं जातं ते शोधलं जातं, जे शोधलं जातं ते हवं असतं. तिथून "मला वेळ पाहिजे" आणि तिथून "मला जायला पाहिजे". डोळ्यांपासून गरजेपर्यंत, गरजेपासून कर्तव्यापर्यंत. हिंदीतला 'चाहिए' 'चाहना'पासून याच वळणानं आला. '-इजे' बाकी सगळीकडून पुसला गेला. आज आपण 'कीजे' म्हणत नाही. पण या दोन शब्दांत तो असा गोठला की आपण रोज शेकडो वेळा तो उच्चारतो आणि आपल्याला त्याचा पत्ताही नसतो. त्यातही 'पाहिजे' गोठून स्वस्थ बसला नाही. लोकांना तो पुन्हा क्रियापदासारखा वाटू लागला आणि त्याला नवी शेपटं फुटली : "ही पुस्तकं पाहिजेत", "तू आलं पाहिजेस". त्यामुळे त्याला अव्यय म्हणू नका, सहायक क्रियापदच म्हणा. 'म्हणजे'ला मात्र अव्यय म्हणायला हरकत नाही.

शंका : 'करून टाक', 'रडत बसला', 'खाऊन बघ' यांतली दुसरी क्रियापदंही याच प्रकारची का? पण त्यांचे प्रत्यय तर शाबूत आहेत.

उत्तर : हो, तीच वाट आहे, फक्त ही मंडळी अजून अर्ध्यावर आहेत. चालवली जातात क्रियापदासारखी, पण मूळ अर्थ त्यांनी खाली ठेवलेला आहे. तो खरंच ठेवला का, हे तपासायला विसंगत वाक्य करून पाहायचं. "डोळे मिटून वास घेऊन बघ." डोळे मिटलेत, तरी 'बघ' चालतं, कारण त्याचा अर्थ आता 'प्रयत्न कर' असा आहे. जपानीतही 'पाहणे' हे क्रियापद दुसऱ्या क्रियापदाला जोडून नेमकं हेच सांगतात. "दारात उभा राहून वाट बघत बसलो." उभा आहे आणि बसलोही आहे, आणि कोणाला काही वावगं वाटत नाही. "खाऊन टाक" यात खाल्लेलं कोणी टाकत नाही.

पण अर्थ पूर्ण पुसला गेला असं म्हणणं घाईचं होईल. 'टाक'मध्ये हातावेगळं करण्याची भावना आहे, एकदाचं संपव असा झटका आहे. 'बस'मध्ये नाराजी आहे. "काय रडत बसलास" किंवा "विसरूनच बसलो" यात बसण्याची मुद्रा गेली, पण हातपाय गाळून एका जागी अडकल्याचा भाव राहिला. 'दार लावून घे' हे आत राहणाऱ्याला सांगायचं असतं, कारण 'घे'मध्ये स्वतःकडे ओढणं अजून जिवंत आहे. शब्द व्याकरणात जातो तेव्हा तो पोकळ होतो असं पुष्कळदा सांगितलं जातं. मला ते पटत नाही. त्याचं वजन कमी होतं, पण कल तोच राहतो.

सगळ्यांत उद्योगी क्रियापद 'लागणे'. हे वाक्य घ्या : "मला लागलं, म्हणून थांबावं लागलं, तर तो हसू लागला." पहिल्यात इजा, दुसऱ्यात सक्ती, तिसऱ्यात आरंभ. एका क्रियापदाला तीन फाटे फुटले आणि तिन्ही एकाच वाक्यात एकमेकांच्या पायात न येता उभे आहेत. इतकंच नव्हे, जुन्या मराठीत 'लागी' हे शब्दयोगी अव्यय 'साठी, प्रत' या अर्थानं वापरलं जाई, आणि आजच्या 'ला' या प्रत्ययाची नाळ बरेच अभ्यासक त्याच्याशी जोडतात. ते खरं धरलं तर "मला लागलं" या दोनच शब्दांत तो धातू दोनदा येऊन गेला आहे.

नामांचंही हेच होतं. मूळ हे झाडाचं, पण 'पावसामुळे' यात ते कारण झालं आणि 'मुळीच नाही' यात नकाराला जोर देऊ लागलं. 'कड' म्हणजे बाजू, कडा. अजूनही आपण कोणाची कड घेतो, पण 'माझ्याकडे', 'माझ्याकडून' यांत ती नुसती दिशा आहे. 'माग' म्हणजे वाटेवरची खूण, तो संस्कृत 'मार्ग'. माग काढणारा मागून येतो, म्हणून 'मागे'. जागेवरून ते काळावर गेलं ("मागे एकदा") आणि तिथून हिशेबावर ("माणसामागे दोन").

परभाषेतून शब्द उसने घेता येतात पण व्याकरण घेता येत नाही, असं कोणी ठामपणे सांगू लागलं तर त्यांना 'बद्दल' दाखवावा. अरबीतला 'बदल' म्हणजे अदलाबदल. 'चुकीबद्दल दंड' यात तो अर्थ अजून लख्ख दिसतो : चुकीच्या मोबदल्यात दंड. पण "तिच्याबद्दल बोलत होतो" यात मोबदला कुठे आहे? 'ऐवजी'ही तसाच. अरबीत मूळ शब्दाचा अर्थ मोबदला, मराठीत 'ऐवज' म्हणजे मौल्यवान वस्तू, आणि 'ऐवजी' म्हणजे च्या जागी. 'बरोबर' फारसीतून आला, तिथे तो 'छातीला छाती' असा जोडशब्द आहे. समान, म्हणून अचूक, आणि शेजारी, म्हणून सोबत. हे उसने शब्द घेऊन त्यांचं शब्दयोगी अव्यय मराठीनं आपल्या पद्धतीनं, सामान्यरूपाला चिकटवून केलं.

यावरून एक विनंती. 'त्याच्या मुळे', 'घरा पासून' असं तोडून लिहू नका. 'घरा' हे रूप एकटं उभंच राहू शकत नाही. शब्द जोडला गेला आहे, तो जोडूनच लिहायला हवा.

शंका : हे सगळं रंजक आहे, पण याला झीजच म्हणायचं ना? आज 'करतो आहे'चं 'करतोय' झालं, 'आली आहे'चं 'आलीय' झालं. उद्या 'आहे' उरणारच नाही.

उत्तर : झीज आहे, पण ऱ्हास नाही, आणि या दोन्हींत फरक करायला हवा. 'करतोय'मधला 'य' हा आपल्या डोळ्यांदेखत घडणारा प्रत्यय आहे. 'करतोयस', 'आलेत', 'करायचंय' अशी त्याची सगळी रूपावली तयार आहे आणि लहान मूल ती चूक न करता वापरतं. ज्या 'करतो'ला तुम्ही शुद्ध मानता तोही असाच घडला. 'करत' हे मुळात विशेषणासारखं काम करणारं कृदंत, त्याला शेपूट जोडून काळ बनला. म्हणून तर 'करतो, करते' यात लिंगभेद आहे आणि 'करील'मध्ये नाही. 'नाही'सुद्धा 'न' आणि 'आहे' यांचा सांधा आहे, आणि त्याला अशुद्ध कोणी म्हणत नाही. 'नये' म्हणजे 'न ये', येत नाही. "करू नये" यात आज येण्याजाण्याचा मागमूस नाही.

जगात इतरत्र पाहिलं तर याहून मोठे पल्ले दिसतात. फ्रेंचमधला 'पा' म्हणजे पाऊल. 'चालत नाही' याला जोर द्यायला 'एक पाऊलही' असं जोडत. मग ते चालण्याशी संबंध नसलेल्या क्रियापदांनाही लागलं, आणि आज बोलताना मूळ नकार गाळून फ्रेंच माणूस एकट्या 'पा'वर नकार देतो. पाऊल म्हणजे 'नाही' झालं! स्पॅनिशमधला '-मेंते' हा क्रियाविशेषणाचा प्रत्यय लॅटिनमधल्या 'मन' या अर्थाच्या नामापासून आला. दोन क्रियाविशेषणं जोडताना तो आजही फक्त शेवटच्याला लावतात. एके काळी आपण स्वतंत्र शब्द होतो, ही आठवण त्यानं तेवढ्यापुरती ठेवली आहे.

प्रश्न : मग उलट कधी होतं का? अव्ययाचं नाम?

उत्तर : फार क्वचित. पण मराठीत एक सुंदर उदाहरण आहे. संस्कृतमधलं 'किंतु' म्हणजे 'पण'. ते अव्यय म्हणून आपल्या रोजच्या बोलण्यातून जवळजवळ गेलं, त्याची जागा 'पण'नं घेतली, जो स्वतः 'पुनः' म्हणजे 'पुन्हा' या शब्दातून आलेला आहे. 'किंतु' मात्र नाम होऊन राहिला : "मनात किंतु ठेवू नका."