सल्ला हवा आहे: मॉस्कोच्या राजघराण्याचा उदय पाऊण तासात कसा मांडू?

अबोली
आमच्या वाचनकट्ट्यावर दर महिन्याला एकेकाने एक विषय मांडायचा असतो. पुढच्या महिन्यात माझी पाळी आहे आणि मी मॉस्कोचं दानिलोविच घराणं घेतलंय. तेराव्या शतकातला रशियन राजा अलेक्झांडर नेव्हस्की, त्याचं शेंडेफळ दानियल, त्याच्या वाट्याला आलेलं लाकडी तटबंदीतलं लहानसं मॉस्को, आणि तिथून सव्वादोनशे वर्षांत जवळजवळ सगळ्या रशियन मुलखावर बसलेला अंमल.

तीन आठवडे वाचतेय. प्रत्येक पिढीत पुन्हा इवान, यूरी, दिमित्री, वसिली! वंशावळ काढायला बसले तर वहीची दोन पानं भरली. ऐकणारी मंडळी वीसेक, बहुतेक निवृत्त. शिवकालाची जाण उत्तम, रशियाच्या इतिहासाशी ओळख जेमतेम. सुरुवात कुठून करू आणि काय गाळू? शिवाय ‘मॉस्कोच का?’ असं कुणी विचारलं तर काय सांगू? ‘नद्यांच्या मोक्यावर होतं म्हणून’ हे उत्तर जागोजागी मिळतं, पण त्याने माझंच समाधान होत नाही.

गडवाट
ताई, सरळ १३८० मधल्या कुलिकोवोच्या लढाईपासून सुरू करा. मॉस्कोचा राजा दिमित्री दोन्स्कोय विरुद्ध मंगोलांचा सरदार ममाई. लढाई म्हटली की माणसं सावरून बसतात. मग मागे जाऊन ‘हा दिमित्री एवढा मोठा झाला कसा’ ते सांगा.

पानाआड
गडवाट, लढाई रंगते हे खरं, पण तिथून सुरुवात केली की ऐकणाऱ्याला वाटतं, मॉस्को मंगोलांशी लढून मोठं झालं. पहिली ऐंशी वर्षं बरोब्बर उलट घडलंय. आणि कुलिकोवोनंतर दोनच वर्षांनी, १३८२ मध्ये, मंगोलांच्या तोख्तामिश खानाने मॉस्को जाळलं आणि खंडणी पुन्हा सुरू झाली, हेही सांगावं लागेल.

अबोलीताई, माझा सल्ला: मॉस्कोपासून सुरुवातच करू नका. त्याचं प्रतिस्पर्धी शहर त्व्हेर, तिथून करा. मोक्याची जागा म्हणाल तर त्व्हेर थेट व्होल्गाकाठी होतं, मॉस्कोपेक्षा सरस. वडिलकीचा हक्कही त्यांचाच. व्लादिमीरची गादी म्हणजे तिथल्या राजांमधली सगळ्यात मानाची, आणि दानियल १३०३ मध्ये वारला तो व्लादिमीरचा महाराजा न होताच. आणि ज्याचा बाप त्या गादीवर बसला नाही त्याच्या मुलांना तिच्यावर हक्क नाही, असा तिथला रिवाज. म्हणजे भाऊबंदकीच्या कायद्याने मॉस्कोवाले बाद. त्व्हेरचा मिखाईल यारोस्लाविच नात्याने दानियलचा चुलत भाऊ, म्हणजे दानियलच्या मुलांचा चुलता.

हक्क नसलेल्याला एकच दार उघडं होतं, ते म्हणजे मंगोल खानाचं; हे सगळे राजे त्याचेच मांडलिक. यर्लिक म्हणजे खानाने दिलेली सनद. तुमच्या श्रोत्यांना ‘सनद’ हा शब्द पुरे, अर्धं काम तिथेच होतं. दानियलचा मुलगा यूरी उझबेक खानाच्या दरबारात राहिला, खानाची बहीण कोंचाका हिच्याशी लग्न करून सनद घेऊन परतला. १३१७ च्या डिसेंबरात बोर्तेनेव्होला काका-पुतणे लढले. मिखाईल जिंकला, कोंचाका त्याच्या हाती लागली आणि त्व्हेरमध्ये कैदेत असतानाच मेली. खानाची बहीण! पुढच्याच वर्षी मिखाईलला खानाच्या छावणीत मारलं. मग त्याच्या मुलाने, दिमित्रीने, १३२५ मध्ये त्याच छावणीत यूरीला ठार केलं आणि वर्षभरात स्वतःही जीव गमावला. पुढे १३३९ मध्ये दुसरा मुलगा अलेक्झांडर आणि नातू फ्योदोर. एका घराच्या तीन पिढ्यांतले चार पुरुष खानाच्या हुकमाने गेले. हे सांगितलंत की मॉस्कोच्या विजयाची किंमत कुणी मोजली ते न बोलता कळतं.

अबोली
अंगावर काटा आला. ही नावं मी वाचली होती, पण वेगवेगळ्या प्रकरणांत विखुरलेली. मग इवान कलिता यात कुठे बसतो? बखरींत तर त्याच्या काळाला ‘मोठी शांतता’ म्हटलंय.

पानाआड
कलिता हा यूरीचा धाकटा भाऊ. कलिता म्हणजे कमरेची पैशांची थैली. त्याच्यासाठी १३२७ चा एक दिवस सांगा, तो बखरीत फार जिवंत आलाय. खानाचा चुलत भाऊ चोलखान त्व्हेरच्या राजवाड्यात मुक्काम ठोकून बसलेला, गाव जेरीला आलेलं. १५ ऑगस्टला, सणाच्या दिवशी भल्या सकाळी द्यूद्को नावाचा चर्चचा एक सेवक आपली तरणी, चांगली भरलेली घोडी व्होल्गावर पाणी पाजायला नेत होता. चोलखानच्या माणसांनी ती हिसकावली. द्यूद्कोने गाववाल्यांना हाक दिली आणि गाव उठलं. चोलखान वाड्यासकट जळाला.

इथे कलिता काय करतो ते पाहा. तो खानाकडे जातो आणि बखरीच्या आकड्यानुसार ५०,००० ची फौज घेऊन त्व्हेरवर चालून येतो. मुलूख बेचिराख झाला. त्व्हेरचा अलेक्झांडर प्स्कोव शहरात पळाला, तर महाधर्माध्यक्ष थेओग्नोस्तने त्याला थारा देणाऱ्या प्स्कोवलाच धर्मबहिष्कृत केलं. म्हणजे सनद, खंडणी वसूल करायचा अधिकार आणि चर्च, तिन्ही दोऱ्या एका हातात. ‘मोठी शांतता’ होती ती मॉस्कोच्या मुलखात. खंडणी वेळेवर पोचत असल्याने खानाच्या फौजा येईनात, आणि जिथे फौजा येत नाहीत तिथे कुळं आणि कारागीर राहायला येतात. तुमच्या ‘मॉस्कोच का’चं माझ्या मते सगळ्यात भरीव उत्तर हेच.

चर्चचं एक वाक्यात सांगा: आधीचा महाधर्माध्यक्ष प्योत्र याचं मिखाईलशी वाकडं होतं, तो मॉस्कोकडे झुकला आणि १३२६ मध्ये मॉस्कोतच वारला. त्याच्या कबरीमुळे त्या गावाला तीर्थाचं मोल आलं.

तांबडी_शाई
मी कागदपत्रांची वेडी, म्हणून माझं मत मृत्युपत्रांना. कलिताचं मृत्युपत्र शिल्लक आहे आणि त्याची सुरुवातच बोलकी आहे: खानाकडे निघालोय, कोणी भाग पाडलेलं नाही, शुद्धीवर आहे, धडधाकट आहे. धडधाकट माणूस प्रवासाला निघताना मृत्युपत्र करतोय, कारण तिथून परत येईलच याचा भरवसा नाही! पुढे वाटण्या: तिन्ही मुलांना चार-चार सोन्याच्या साखळ्या, सोन्याचे कमरपट्टे, पेले. थोरल्या सेम्योनला लाल, मोत्यांनी मढवलेला अंगरखा आणि सोन्याची टोपी. मॉस्को शहर मात्र तिघांचं सामाईक.

हा वाटणीचा भाग मोठ्याने वाचून दाखवा. आपल्याकडच्या कुठल्याही घरातला वाटणीचा कागद वाटेल.

खरं तर या वाटण्यांनीच मॉस्कोचे तुकडे पडायचे. तेवढ्यात १३५३ ची प्लेग आली. सेम्योन, त्याची लहान मुलं, भाऊ आंद्रेई, सगळे काही महिन्यांत गेले. सेम्योनने मृत्युपत्रात भावांना एकोप्याने राहायला सांगितलंय, आपली मेणबत्ती विझू नये म्हणून. मागे उरला मधला भाऊ इवान, आणि बहुतेक सगळी जमीन एकाच शाखेत गोळा झाली. हा निव्वळ दैवाचा भाग आहे आणि तो तसाच सांगा, सगळं श्रेय मुत्सद्देगिरीला देऊ नका.

नाट्य हवं असेल तर १४३३ चं लग्न घ्या. दोन्स्कोयचा नातू दुसरा वसिली, त्याच्या लग्नात त्याची आई सोफिया हिने चुलत दिराच्या… चुकले, सख्ख्या दिराच्या मुलाच्या कमरेचा सोन्याचा पट्टा भर मांडवात ओढून काढला, हा आमच्या घरातून चोरलेला म्हणून. त्यावरून पेटलेल्या यादवीत वसिलीचे डोळे काढले गेले, १४४६ मध्ये.

गडवाट
पानाआड, पटलं, सुरुवातीचं माझं मत मागे घेतो. पण दिमित्री दोन्स्कोय गाळू नका. त्याच्या १३८९ च्या मृत्युपत्रात तो व्लादिमीरची गादी थोरल्या मुलाला वडिलोपार्जित मालमत्ता म्हणून देतो, खानाला न विचारता. ज्या सनदेसाठी चार माणसं मेली, ती गादी आता घरची इस्टेट! शेवट तिथे करा.

वोल्गाकाठ
मी कामानिमित्त मॉस्कोत असते. क्रेमलिनमधल्या अर्खांगेल्स्की कॅथेड्रलचे फोटो जरूर दाखवा. पहिलं दगडी चर्च कलिताने १३३३ मध्ये बांधलं, आजची इमारत १५०५ ते १५०८ ची. कलिताची कबर दक्षिणेच्या भिंतीशी आहे. आत गेलं की दोन्ही बाजूंना कबरीच कबरी, मधून जेमतेम वाट. अख्खं घराणं एका छताखाली झोपलेलं. वंशावळीचा तक्ता काढण्यापेक्षा तो एक फोटो लोकांच्या लक्षात राहील. फळ्यावर पाचच नावं लिहा: मिखाईल, यूरी, कलिता, सेम्योन, दोन्स्कोय.

नाणेघाट
माझं गाव जुन्नरजवळ, म्हणून एक भर घालतो. अफानासी निकितिन हा व्यापारी त्व्हेरचा. त्व्हेरच्या राजाचा परवाना घेऊन निघाला आणि १४७० च्या आसपास चौलला उतरून जुन्नरला पोचला. पावसाळा तिथेच काढला. जुन्नरच्या खानाने त्याचा घोडा काढून घेतला आणि धर्म बदललास तरच परत देईन म्हणाला, शेवटी खुरासानच्या एका ख्वाजाने रदबदली करून सोडवलं. रेवदंड्याला त्याचं स्मारक आहे. परतीच्या वाटेवर स्मोलेन्स्कच्या अलीकडेच तो वारला, त्याच्या वह्या पोचल्या मॉस्कोला. आणि १४८५ मध्ये मॉस्कोच्या तिसऱ्या इवानने त्व्हेरच घेतलं. ज्या राज्याची मुद्रा घेऊन तो आपल्याकडे आला, ते राज्य वीस वर्षांच्या आत संपलं.

अबोली
नाणेघाटदादा, आमच्या कट्ट्यावर दोघं जुन्नरचेच आहेत! सुरुवात ठरली: निकितिनचा घोडा, तिथून त्व्हेर, मग द्यूद्कोची घोडी. तांबडी शाईताई, कलिताच्या वाटणीचा भाग मराठीत उतरवायला आजच बसते. रविवारी इथे टाकेन, चुका दाखवा.