मदत हवी आहे: पोलीस एफआयआर घेत नाहीत, पुढे काय?

बागायतदार_निफाड: व्यापाऱ्याने माल उचलला, पैसे दिले नाहीत, आता फोन बंद. तक्रार दिली तर ठाण्यात नुसते फिरवताहेत. 'दिवाणी बाब आहे, कोर्टात जा' म्हणे. कोणत्या कोर्टात? कायद्याने काय करता येईल ते सांगा, लवकर. 'वकील गाठा' एवढंच सांगणार असाल तर राहू द्या.

कोर्टकचेरी: कसला माल? रक्कम किती? तक्रार लेखी की तोंडी? पोच घेतली का?

नाना_७२: सरळ हायकोर्टात रिट (पोलिसांना आदेश द्या म्हणून याचिका) टाका! सुप्रीम कोर्टाचा ललिता कुमारी निकाल, 2013, पाच न्यायमूर्तींचा. दखलपात्र गुन्हा (पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात असा) असेल तर एफआयआर घ्यावाच लागतो. आमच्या साडूंनी हेच केलं.

कोर्टकचेरी: नाना, तो निकाल शेवटपर्यंत वाचा. व्यापारी व्यवहारात आधी प्राथमिक चौकशी करायची मुभा त्यातच आहे. आणि थेट रिट टाकलं की सुप्रीम कोर्टाचा साकिरी वासू निकाल (2008) दाखवतात, आधी मॅजिस्ट्रेटकडे जा म्हणून. साडूंचं काय झालं?

नाना_७२: तारीख पडलीय.

चार्जर: फोन बंद असेल तर सीईआयआर या हरवलेल्या फोनच्या सरकारी पोर्टलवर आयएमईआय (फोनचा ओळख क्रमांक) टाकून ब्लॉक करा. माझा हरवलेला असाच सापडला.

बागायतदार_निफाड: अहो फोन व्यापाऱ्याचा बंद आहे! माल म्हणजे द्राक्षं, दुसरं काय असणार. नऊ लाख येणं आहे. काट्याच्या चिठ्ठ्या आहेत, भाव व्हॉट्सॲपवर ठरला. तक्रार लेखी दिली, पण ठाणे अंमलदाराने शिक्का मारला नाही.

शेतकरीपुत्र: शिवार सौदा, म्हणजे बागेतच विक्री, करायचाच कशाला? बाजार समितीत न्यायचा माल.

बागायतदार_निफाड: तोडणीला आलेला बाग आणि वर ढग. तेव्हा तुम्ही आला होतात का घ्यायला?

कोर्टकचेरी: भांडू नका. बीएनएसएस (सीआरपीसीच्या जागी आलेला फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा) कलम 173(4): तक्रारीचा मजकूर पोस्टाने एसपी (पोलीस अधीक्षक), नाशिक ग्रामीण यांना पाठवा, पोच जपा. तरी हलले नाहीत तर प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे 175(3) खाली अर्ज, सोबत प्रतिज्ञापत्र. सीआरपीसीचं जुनं 156(3) ते हेच. फरक एवढाच की आता आदेशाआधी पोलिसांचं म्हणणंही विचारात घेतात. पैसे थकले म्हणजे लगेच फसवणूक होत नाही, बुडवायचा हेतू पहिल्यापासून होता हे दिसावं लागतं.

द्राक्षपंढरी: मग गावात त्याने अजून कोणाला टोप्या घातल्यात ते शोधा. पाच-सहा जणांचे अर्ज एकत्र गेले की हेतू आपोआप दिसतो. आमच्याकडे दहा जण गेलो तेव्हा पीआय साहेबांनी खुर्ची दिली, चहासुद्धा.

बागायतदार_निफाड: अजून तिघे आहेत. त्यांना त्याने चेकही दिला नाही, मला निदान चार लाखांचा दिला होता. तो परत आला.

कोर्टकचेरी: चेक परत आला, आणि हे आत्ता सांगताय?? बँकेचा मेमो (चेक परत आल्याची चिठ्ठी) कधी मिळाला? चेक न वटण्याचं कलम 138, निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट: मेमो मिळाल्यापासून 30 दिवसांत नोटीस, ती त्याला मिळाल्यावर 15 दिवस वाट, मग महिन्याभरात कोर्टात तक्रार. इथे पोलीस लागतच नाहीत. 30 दिवस उलटले असतील तरी चेकवरच्या तारखेला तीन महिने झाले नसतील तर पुन्हा भरा.

नाना_७२: रिटचा मुद्दा राहिलाच.

बागायतदार_निफाड: मेमो अठरा दिवसांपूर्वी मिळालाय. नोटीस मीच लिहिली तर चालते का?

कोर्टकचेरी: चालते. चेकचा नंबर, तारीख, परत येण्याचं कारण लिहा. मागणी मात्र चार लाखांचीच करा. नऊ लाख मागितलेत तर नोटीसच अवैध म्हणून तो सुटायला बघेल. बाकीच्या पाच लाखांसाठी एसपी आणि मॅजिस्ट्रेटकडचा वरचा अर्ज वेगळा.