सल्ला हवा: दीड एकर उसाबरोबर दोन दुभती जनावरं, बजेट दीड लाख

भोगावती_काठ: नमस्कार मंडळी. करवीर तालुक्यात दीड एकर आहे, सगळा ऊस (८६०३२ जातीचा). खोडवा (तोडल्या उसाच्या फुटव्याचं पीक) निघाला की १० गुंठे चाऱ्याला ठेवून दोन जनावरं बांधायची आहेत. शेण रानाला, वाडं (उसाचे हिरवे शेंडे) जनावरांना, दूध डेअरीला. गोठ्यासकट बजेट दीड लाख, कर्ज नको. राबणार मी आणि आई. म्हैस घ्यावी की गाय?

मुऱ्हा_कागल: भावा, डोळं झाकून मुऱ्हा म्हैस घे. माझी थेट हरियाणातनं आणलीय, फॅट सातच्या खाली कधी आलं नाही. एकटीला एक लाख चाळीस गेले, पण गावातली माणसं बघायला येतात.

शिरोळकर: म्हैस भाकड राहिली की बसून खाते. एचएफ (होल्स्टीन) गाई घ्या, पाच तरी. मुक्त गोठा, धारा काढायचं मशीन, मूरघासाच्या (मुरवलेल्या चाऱ्याच्या) बॅगा, सगळं पाच-सहा लाखांत बसतं. आणि गोठा उंचावर बांधा. २०१९ ला आमच्या गोठ्यात पाणी शिरलं, दावी कापून जनावरं रातोरात माळावर नेली. २०२१ ला परत तेच.

गडहिंग्लजची_सून: दादा, वाड्याच्या भरवशावर राहू नका. कारखान्याचा हंगाम संपला की वाडं संपलं, मग एप्रिल-मेमध्ये काय घालणार? शिवाय वाड्यात ऑक्झॅलेट असतं, नुसतं तेच घातलं तर कॅल्शियम अंगी लागत नाही. आमची म्हैस व्याल्यावर उठेचना, डॉक्टरांनी शिरेतून कॅल्शियम दिलं तेव्हा उभी राहिली. आता वाड्याची कुट्टी, त्यात मका नाहीतर लसूणघास, आणि रोज मिनरल मिक्श्चर. आधी नेपियर गवत लावा, पहिली कापणी अडीच महिन्यांनी येते, तेव्हा जनावर आणा. पाणी असेल तर १० गुंठ्यांत दोन म्हशींचं हिरवं भागतं.

मुऱ्हा_कागल: आमची वाडंच खाते. काही होत नाही.

पन्हाळा_सेंद्रिय: कच्चं शेण उसात टाकू नका, हुमणी (मुळं खाणारी अळी) होते. चांगलं कुजवूनच टाका. त्यापेक्षा गोबरगॅस बसवा. १ घनमीटरच्या टाकीला रोज २५ किलो शेण लागतं, दोन म्हशींचं पुरून उरतं. टाकीतनं निघणारी स्लरी पाटाच्या पाण्यातनं सोडायची.

ऊसवाला_८६: हुमणीवर उपाय एकच, पाचट (उसाचा वाळला पाला) पेटवायचं.

पन्हाळा_सेंद्रिय: अहो, हुमणी मुळाशी असते, वरचं पाचट जाळून तिला काय होणार? गांडुळं मात्र मरतात.

ऊसवाला_८६: आमचा उतारा बघायला या, मग बोला.

बाजारकरी: पाचटाचा वेगळा धागा काढा. भोगावती, जनावर कुठलंही घे, पण सलग दोन वेळा समोर धार काढून बघ. मला एका व्यापाऱ्यानं आदल्या वेळची धार तुंबवून कास दाखवली. घरी आणली तर दूध निम्मं, एका सडातनं नुसती बारीक चिरकांडी. चारही सड स्वतः पिळायचे, दोन धारा काळ्या फडक्यावर घ्यायच्या, गाठी आल्या तर तिथनंच माघारी फिरायचं.

शिरोळकर: मी परत सांगतो, गोठा उंचावर.

भोगावती_काठ: सगळ्यांचे आभार. आईशी बोललो. मामांच्या गोठ्यात पंढरपुरी जातीची गाभण रेडी आहे, ती एकटीच घेतोय. दूध लगेच नाही हे मान्य, पण तिची आई, आजी आम्ही बघितलीय आणि पैसे निम्म्याच्या आत राहतात. तोवर नेपियर उभं राहील. गोठा रस्त्याकडच्या उंचवट्यावर. गॅसचं दुसरी म्हैस आल्यावर. नेपियरचं बेणं कुठं मिळेल?

मुऱ्हा_कागल: पहिलारू रेडी लाथा झाडते, आचळाला हात लावू देत नाही. अजून विचार कर.

गडहिंग्लजची_सून: आत्तापासून रोज कासेवरनं हात फिरवा, सवय होते. गाभण असल्याचं डॉक्टरांकडून तपासून घ्या आणि लाळ्या-खुरकूतची लस झाली का ते मामांना विचारा. बेण्यासाठी कोल्हापूरच्या कृषी महाविद्यालयात ‘फुले जयवंत’ची चौकशी करा. नाही मिळालं तर आमच्या बांधावरचे ठोंब न्या.