वडिलांच्या पगाराचं पाकीट आणि जॉन बॉडनर: कामगाराच्या घराचा इतिहास कुठून सुरू करावा?

आकुर्डीची_लेक

नमस्कार. माझे वडील १९७४ साली खटाव तालुक्यातून पुण्याला आले. चुलत्यांच्या ओळखीने चिंचवडच्या एका कारखान्यात लागले. आधी बदली कामगार, मग सात वर्षांनी कायम. २००१ मध्ये कारखान्याला टाळं लागलं. ग्रॅच्युइटी अर्धीच मिळाली. उरलेल्या पैशांसाठी कामगार न्यायालयात मारलेल्या खेपांचे कागद ते अजून एका कापडी पिशवीत जपून ठेवतात.

गेल्या महिन्यात घर रंगवायला काढलं तेव्हा आजीच्या पत्र्याच्या ट्रंकेत एक खाकी पाकीट सापडलं. वर शाईने भरलेले रकाने: मूळ पगार, महागाई भत्ता, पीएफ, कॅन्टीन. तळाला हातात आलेली रक्कम, १८७ रुपये ४० पैसे. पाकिटाची वरची कड अगदी सरळ कापलेली. वडील म्हणाले, "पहिला पगार. तुझ्या आजीनं विळीवर कापलंय ते. मी फोडलं नव्हतं." रात्रीच्या एसटीने गावी गेले, तेही तिकिटाचे पैसे चुलत्यांकडून उसने घेऊन, पण पाकिटाला हात लावला नाही.

आमच्या वाचनगटात सध्या अमेरिकी इतिहासकार जॉन बॉडनर यांचं स्थलांतरितांवरचं 'द ट्रान्सप्लांटेड' चालू आहे. अमेरिकेच्या पोलादगावांतली स्थलांतरितांची मुलंही पगार असाच आईबापांच्या हाती देत, हे वाचलं आणि अंगावर काटा आला. तेव्हापासून वडिलांचं सगळं लिहून काढायचं मनात आहे.

अडतं एकाच ठिकाणी. १५ ऑगस्टला आमच्या सोसायटीत झेंडावंदनाला सगळ्यांच्या आधी तेच उभे असतात, इस्त्रीचा पांढरा सदरा घालून. राष्ट्रगीताला डोळे भरून येतात. ज्याचे कष्टाचे पैसे बुडाले आणि ज्याला कुठेच दाद मिळाली नाही, त्या माणसाला हे कसं जमतं? विचारलं तर एवढंच म्हणतात, "कारखाना वेगळा, देश वेगळा." बॉडनर यांनी यावर काही लिहिलंय का? आणि सुरुवात कुठून करू?

भोरचा_टर्नर

ताई, तुमचं पाकीट वाचून बराच वेळ काही लिहिता आलं नाही. मी भोसरीत एकतीस वर्षं लेथवर काढली. आमच्या घरी पाकीट देवापुढे ठेवायचे, मग वडील उघडायचे.

आधी पुस्तकाबद्दल. 'द ट्रान्सप्लांटेड' १९८५ चं. त्याआधी या विषयावर ऑस्कर हँडलिन यांच्या 'द अपरूटेड'चा मोठा दबदबा होता. ते १९५१ साली आलं आणि पुढच्या वर्षी त्याला पुलित्झर मिळालं. हँडलिन यांना स्थलांतरित दिसला तो मुळासकट उपटलेला, परक्या शहरात एकटा पडलेला शेतकरी. बॉडनर यांनी नावातच उत्तर दिलं: 'अपरूटेड' म्हणजे उपटलेले, 'ट्रान्सप्लांटेड' म्हणजे दुसरीकडे लावलेले. आम्ही मावळातली भाताची माणसं, आम्हाला ते समजावून सांगावं लागत नाही. तरव्यातलं रोप आपण काढतो ते लावणीसाठी. मुठीत धरून, मुळं चिखलाने माखलेली असतानाच दुसऱ्या खाचरात लावतो. बॉडनर म्हणतात, ही माणसं घरात विचार करून निघाली. अगदी कंगाल निघाला नाही, कारण त्याच्याकडे वाटखर्चही नव्हता. निघाला तो थोडी जमीन किंवा हातात कसब असलेला, आणि ती टिकवायची म्हणून निघाला. पुढे गेलेल्या भावाने मागच्याला बोलावलं, फोरमनकडे शब्द टाकला. तुमच्या वडिलांच्या चुलत्यांनी केलं तेच.

मुलगी पिट्सबर्गला असते, म्हणून २०१७ मध्ये पाच महिने तिकडे राहिलो. जावयाने एका रविवारी जवळच्या होमस्टेड या पोलादगावाला नेलं. १८९२ च्या जुलैमध्ये तिथे नदीच्या काठावर संपकरी आणि मालकांनी आणलेले बंदूकधारी यांच्यात लढाई झाली होती. दोन्हीकडची माणसं मेली. तो पोलाद कारखाना १९८६ मध्ये बंद पडला. आता तिथे दुकानं, सिनेमागृह, गाड्या लावायचं भलंमोठं मैदान. आणि एका रांगेत विटांची बारा धुराडी, तेवढीच ठेवली आहेत. मी खाली उभा राहून मोजली. आमच्या कारखान्याच्या जागेवर आज बावीस मजली इमारती आहेत. आमचं धुराडंही ठेवलं नाही.

त्या पोलादगावांत बायका घरात बोर्डर, म्हणजे पैसे देऊन राहणारे-जेवणारे कामगार, ठेवायच्या. पोलाद कारखान्यात बारा तासांची पाळी होती, ती मोडायला १९२३ उजाडावं लागलं. दिवसपाळीचा उठला की रात्रपाळीचा त्याच गादीवर आडवा व्हायचा. त्या घरच्या बाईने वीस वीस माणसांचे डबे भरायचे, काजळीचे कपडे धुवायचे, आणि त्या पैशातून घराचा हप्ता जायचा. गिरणगावातल्या गाळ्यांत आणि खाणावळींत वेगळं काय होतं? माझा मोठा चुलता लालबागला असाच झोपला, एका खोलीत सोळा जण. म्हणून ताई, वडिलांचं लिहाल तेव्हा त्यांच्या चुलतीचंही लिहा. १९७४ मध्ये वडील उतरले ते चुलत्यांच्याच घरी ना? मग भाकऱ्या किती जणांच्या होत्या ते विचारा.

आता झेंड्याचं. त्यासाठी बॉडनर यांचं १९९२ चं 'रीमेकिंग अमेरिका' वाचा. त्यात ते सांगतात की स्मारकं, संचलनं, शताब्द्या यांत दोन आवाज असतात. एक वरचा, सरकारी: एकजूट, कर्तव्य, निष्ठा. दुसरा खालचा, लोकांचा: माझं गाव, माझा मेलेला भाऊ, माझ्या हातचं काम. दोन्ही आवाज तोच झेंडा हातात घेतात, पण माणूस त्यातून स्वतःचं बोलतो. १९२५ मध्ये मिनेसोटात नॉर्वेजियन लोकांनी आपल्या आगमनाची शताब्दी केली, अमेरिकेचे अध्यक्ष कूलिज भाषणाला आले. अध्यक्षांना निष्ठावान नागरिक दाखवायचे होते, आणि जमलेल्यांना १८२५ मध्ये स्टॅव्हँगरहून लहानशा जहाजातून निघालेले आजे-पणजे आठवायचे होते. मांडव एकच.

व्हिएतनाम युद्धात मेलेल्या अमेरिकी सैनिकांच्या स्मरणार्थ उभारलेली वॉशिंग्टनची भिंतही मी पाहिली. त्या युद्धात लढून आलेल्या जॅन स्क्रग्ज यांनी मोहीम उभी केली, पैसा लोकांनी दिला. आराखडा माया लिन या एकवीस वर्षांच्या विद्यार्थिनीचा. काळा ग्रॅनाइट, त्यावर अठ्ठावन्न हजारांवर नावं, एकाही नावापुढे हुद्दा नाही. काही जणांना यात देशाचा गौरव दिसेना, म्हणून १९८४ मध्ये जवळच तीन सैनिकांचा पुतळा बसवला. पण मी गेलो तेव्हा लोक भिंतीपाशीच होते. एक म्हातारी कागद धरून पेन्सिलीने नाव घासून उतरवून घेत होती. दगड इतका चकचकीत की नावांवर तिचाच चेहरा दिसत होता. पायथ्याशी कुणी बूट, कुणी चिठ्ठी ठेवलेली. तिला देशाबद्दल काय वाटतं हे मला तिच्या बोटांकडे पाहून कळलं.

आणि तुमच्या वडिलांच्या वाक्याबद्दल माझं मत. पहिल्या महायुद्धात लढलेल्या अमेरिकी सैनिकांना १९२४ च्या कायद्याने बोनस कबूल केला होता, पण मिळणार १९४५ मध्ये. मंदीत पोट जळायला लागलं तेव्हा १९३२ च्या उन्हाळ्यात हजारो जण वॉशिंग्टनला आले, झोपड्या घालून राहिले, झोपड्यांवर झेंडे लावले. २८ जुलैला त्यांच्याच सैन्याने रणगाडे आणि अश्रुधूर आणून झोपड्या जाळल्या. तरी त्यांनी झेंडा टाकला नाही आणि मागणीही सोडली नाही. १९३६ मध्ये पैसे मंजूर झाले. तुमचे वडील पांढरा सदरा घालतात आणि कागदांची पिशवीही टाकत नाहीत. मला यात विसंगती दिसत नाही.

नगररोड_वाचक

टर्नरकाका, मनापासून पटलं. पण एक बाजू राहते आहे, आणि ती बॉडनर यांच्याकडेच आहे. रॉजर सायमन आणि मायकेल वेबर यांच्यासोबतचं त्यांचं १९८२ चं पुस्तक, 'लाइव्ह्ज ऑफ देअर ओन'. पिट्सबर्गमधले कृष्णवर्णीय, इटालियन आणि पोलिश, तिघांची तुलना. पोलिश बाप मुलाला आपल्या खात्यात चिकटवू शकत होता. दक्षिणेतून आलेल्या कृष्णवर्णीय बापाला ती सोयच नव्हती, कारण त्याच्या शब्दाला गेटवर किंमत नव्हती. त्याच्या मुलाला एकट्यानेच दारं ठोठवावी लागली.

माझे वडील आयटीआय पास फिटर. १९७८ मध्ये आमच्या वस्तीतल्या कुणाचाच काका कुठल्या कारखान्यात कायम नव्हता. चिठ्ठी कोण देणार? तेव्हा ताई, चुलत्यांची ओळख लिहाल तिथे ही ओळख कुणाला नव्हती तेही विचारा. वडिलांच्या खात्यात कोण कोण होते, जेवताना कोण कुठे बसायचं, त्यांना नक्की आठवत असेल.

आणि दोन आवाज समजून घ्यायला वॉशिंग्टनपर्यंत जायला नको. आमच्या रस्त्यावर कोरेगाव भीमाचा स्तंभ आहे. कंपनी सरकारने १८१८ च्या लढाईनंतर आपल्या फौजेच्या गौरवासाठी उभारला. त्यावरच्या नावांत शेवटी 'नाक' असलेली नावं आहेत, ती आमची माणसं. १ जानेवारी १९२७ ला बाबासाहेब तिथे आले. आज आम्ही जातो ते कंपनीसाठी नाही. आजीने मला खांद्यावर बसवून ती नावं दाखवली होती, तिला स्वतःला वाचता येत नव्हतं.

आकुर्डीची_लेक

दोघांचेही आभार, खरंच. काल संध्याकाळी पाकीट वडिलांपुढे ठेवलं आणि काकांनी सांगितल्याप्रमाणे भाकऱ्यांचं विचारलं. चुलती रोज नऊ जणांच्या करायची. चार दिवसपाळीचे, पाच रात्रपाळीचे, दोन वेळा चूल. तिचं नाव सांगताना ते थांबले, कारण सगळे तिला 'मोठी'च म्हणायचे. नाव आठवायला पाच मिनिटं गेली.

मग खात्याचं विचारलं. फाउंड्रीत भट्टीपुढे कोण होते आणि मशीनशॉपला कोण, हे त्यांनी एकेका आडनावासकट सांगितलं. सांगता सांगता आवाज खाली गेला. ते मी जसंच्या तसं लिहिणार आहे.

झेंड्याचं मी विचारलंच नव्हतं, ते आपणहून बोलले. कारखान्यात वर्षातून दोनच दिवस साहेब आणि कामगार एका रांगेत उभे राहायचे. टाळं लागलं त्या वर्षी १५ ऑगस्टला गेट बंद, आत वॉचमन. चाळीसेक जण सकाळी सातला बाहेर जमले, रस्त्याकडेच्या खड्ड्यात वेळूची काठी रोवली आणि झेंडा लावला. मागण्यांचा फलक त्याच कुंपणाला बांधला होता. वॉचमन आतून सॅल्यूट करून उभा होता. झेंडा आणि दोरी घडी करून वडिलांकडे दिली, पुढच्या वर्षासाठी.

दोरी अजून आमच्या माळ्यावर आहे, मला माहीतच नव्हतं. रविवारी त्यातले दोघे घरी येणार आहेत, एक फाउंड्रीतले. पाकीट आणि दोरी दोन्ही टेबलावर ठेवून रेकॉर्डिंग लावते.