पगारातले ८० टक्के वाटून टाकणारा शिक्षक: कौतुक की काळजी?

चकवाचांदण:
केनियाच्या ब्रदर पीटर तबिचींवरचा आणखी एक भारावलेला लेख वाचला. फ्रान्सिस्कन या ख्रिस्ती पंथाचे संन्यासी, नाकुरू काउंटीतल्या पवानी गावी केरिको शाळेत गणित-भौतिकशास्त्र शिकवत असताना २०१९ चं ग्लोबल टीचर प्राइझ मिळालं, १० लाख डॉलरचं. पगारातले ८० टक्के गोरगरिबांवर खर्च. माणूस मोठाच. पण शाळेचं काय? तेव्हा एका शिक्षकामागे ५८ मुलं, कॉम्प्युटर एकच, जवळपास एक तृतीयांश मुलं अनाथ किंवा एकाच पालकाची. मास्तरने खिसा रिकामा केला तरच मुलाच्या अंगावर गणवेश चढणार असेल, तर ती सरकारची नामुष्की आहे. आपण टाळ्या कसल्या वाजवतोय?

खडूमास्तर:
नामुष्की कबूल. पण सरकार जागं होईपर्यंत मुलीचं शाळेचं वर्ष थांबतं का? आणि पैसे वाटणं बाजूला ठेवा. शाळेत इंटरनेट धड नव्हतं, म्हणून हा माणूस सायबर कॅफेत जाऊन धडे उतरवून आणायचा आणि वर्गात ऑफलाइन दाखवायचा. अंध आणि बधिर लोकांना वस्तू मोजता याव्यात असं उपकरण तिथल्याच मुलांनी बनवलं, २०१८ च्या राष्ट्रीय विज्ञान मेळ्यात नेलं. हे नुसता पगार वाटून होत नाही.

आडवाटेचा:
८० टक्क्यांचं कौतुक मला सांगू नका. फ्रान्सिस्कनांचं व्रतच अपरिग्रहाचं आणि ब्रह्मचर्याचं. या पंथाचा संस्थापक असिसीचा संत फ्रान्सिस, त्याने कापडवाल्या बापाला अंगावरचे कपडेसुद्धा परत केले, तिथून चालत आलेली परंपरा. मी संसारी शिक्षक, दोन लेकरं पदरात. पगारवाढीचा विषय काढला की ऐकवतात, ‘त्या ब्रदरकडे बघा जरा!’ हे तोंडावर ऐकलंय मी.

पाणपोई:
मग राग ऐकवणाऱ्यांवर काढा की, ब्रदरवर कशाला? २००७ च्या निवडणुकीनंतर नाकुरूत जमाती एकमेकींच्या जिवावर उठल्या होत्या. तिथल्याच शाळेत सात जमातींची मुलं पीस क्लबात एकत्र आणायची, वादविवाद घ्यायचे, झाडं लावायची. यासाठी बजेटात कुठलं खातं असतं?

चकवाचांदण:
पीस क्लबचं पटलं, ते विकत मिळत नाही. (वर तेवढं लिहायला हवं होतं.) तरी उद्या तबिचींची बदली झाली तर? एका माणसाच्या खुंटीला शाळा टांगायची नसते.

खडूमास्तर:
२०१७ मध्ये ५९ पैकी १६ मुलं कॉलेजात गेली. पुढच्या वर्षी २६. खुंटी भक्कम होईपर्यंत थांबा, असं या जास्तीच्या दहा जणांना सांगून बघा.

चकवाचांदण:
आणि २०१७ चे उरलेले ४३? त्यांना कोण काय सांगणार?