डब्ल्यूडीजी-३ए आणि डब्ल्यूडीजी-४: वजन जवळपास सारखं, मग ओढीत एवढा फरक का?

गुळमार्केट_लूप:
ही दोन्ही रेल्वेची मालगाडी ओढणारी डिझेल इंजिनं. ३ए चं वजन १२३ टन, डब्ल्यूडीजी-४ चं १२६. दोन्हींना सहा धुऱ्या, सगळ्यांवर मोटर. तरी गाडी जागेवरून उचलताना एकाची ओढ सुमारे ३८ टन, दुसऱ्याची ५३. एक ३१०० अश्वशक्तीचं, दुसरं ४०००, त्यामुळं हा फरक पडतो का? आणि कर्नाटक-गोवा सीमेवरच्या कॅसलरॉकच्या घाटात ५८ भरलेल्या वाघिणी चढवायला किती इंजिनं लागतील? हिशेब कसा मांडायचा?

शिरोली_टर्नर:
भावा, उचलताना अश्वशक्तीचा प्रश्नच येत नाही. वेग शून्याजवळ असतो, तिथं अडतं ते चाक-रुळाच्या पकडीवर. ३८ ला १२३ नं भागा, ३१ टक्के. ५३ ला १२६ नं, ४२ टक्के. सगळा खेळ या अकरा टक्क्यांचा.

३ए मध्ये डीसी सिरीज मोटर. चाक सुटलं की मोटरचे फेरे वाढतात, करंट पडतो, मोटरचं चुंबकी फील्डही त्याच करंटवर असल्यानं तेही पडतं आणि चाक आणखी पळतं. नॉच (इंजिनाची शक्ती कमी-जास्त करणारी पायरी) वेळेवर उतरवला नाही तर कम्युटेटरवर, म्हणजे ब्रशमधून करंट घेणाऱ्या फिरत्या भागावर, फ्लॅशओव्हर, म्हणजे ठिणगीचा भडका. डब्ल्यूडीजी-४ ची मोटर थ्री-फेज इंडक्शन, ना ब्रश ना कम्युटेटर. चाक जरा पळालं की रोटर (मोटरचा फिरणारा भाग) इन्व्हर्टरच्या, म्हणजे मोटरला थ्री-फेज वीज देणाऱ्या उपकरणाच्या, फ्रिक्वेन्सीला गाठतो आणि टॉर्क आपोआप गळतो. शिवाय खालचं रडार गाडीचा खरा वेग मोजतं आणि कंट्रोल चाकाला मुद्दाम किंचित घसरत ठेवतो, कारण जास्तीत जास्त पकड तिथंच मिळते.

मिरज_यार्ड:
हे ४२ टक्के कोरड्या, स्वच्छ रुळावरचे. हंगामात उसाच्या ट्रॉल्या फाटक ओलांडतात, तिथं चिखल आणि चिरडलेलं पाचट रुळावर बसतं. मग पकडीसाठी इंजिनातून चाकापुढं रुळावर सोडायची वाळूच कामाची, पण ती चाळलेली आणि कोरडी हवी. ओली वाळू पाइपात गोळा होऊन बसते. नोझल वाकडं असेल तर वाळू रुळाबाहेर, नुसता देखावा. रडारचं तोंडही पुसलेलं हवं.

अजून एक, जे सहज नजरेतून सुटतं: जुन्या डब्ल्यूडीजी-४ मध्ये एका बोगीच्या (तीन धुऱ्यांच्या गाड्याच्या) तिन्ही मोटर एकाच इन्व्हर्टरवर. चाकांचे व्यास जुळले नाहीत तर मोठ्या चाकाची मोटर हळू फिरते, जास्त टॉर्क घेते आणि तीच आधी तापते.

लोंढा_लाइन:
घाटाचा हिशेब. चढ ३७ ला १, म्हणजे दर टन वजनामागे २७ किलो ओढ. बेअरिंग वगैरेचे ३ धरा, एकूण ३०. वाघीण ९० टनांची धरली तर रेक, म्हणजे सगळ्या ५८ वाघिणी मिळून, ५२२० टन, ओढ लागते १५७ टन. वळणांचा अवरोध वेगळा.

डब्ल्यूडीजी-४ चे ५३ टन इथं धरायचे नाहीत. घाटभर टिकणारी ओढ साधारण ४१ टन, तीही ताशी २२-२३ किलोमीटरला. अश्वशक्ती कामाला येते ती इथं. इंजिनाला स्वतःला चढवायलाच पावणेचार टन जातात, हाती उरतात ३७. म्हणजे चार कमी पडतात, पाच लागतात. पाचही पुढं लावू नका, पहिल्याच कपलरवर (वाघिणी जोडणाऱ्या आकड्यावर) सगळा ताण येऊन तो तुटेल. म्हणून काही मागं बँकर, म्हणजे मागून ढकलणारी इंजिनं.

गुळमार्केट_लूप:
आणि पावसात मध्येच थांबली तर?

लोंढा_लाइन:
पकड २५ टक्क्यांवर आली तर एका इंजिनाचे साडेएकतीस टन, त्याचं स्वतःचं वजा केलं की पावणेअठ्ठावीस. पाचांचे मिळून १३९. गाडी हलत नाही. वाळू टाकून पकड २८-२९ टक्क्यांच्या वर नेली तर निघेल, नाहीतर सहावं इंजिन मागवा किंवा रेक तोडून दोन खेपांत न्या.