भास आणि भ्रम : नक्की फरक काय?

परवा रात्री पाणी प्यायला उठलो आणि दाराशी माणूस उभा. खांदे, मान, जरा पुढे वाकलेला, सगळं स्पष्ट. दोन सेकंद घशातून आवाज फुटेना, मग लाइट लावला तर खुंटीला टांगलेला माझाच रेनकोट. सकाळी बायकोला सांगताना मी म्हणालो 'भास झाला', तर ती म्हणे भास कसला, भ्रम झाला तुला. तेव्हापासून डोक्यात किडा वळवळतोय. आपण हे दोन्ही शब्द सर्रास एकमेकांच्या जागी वापरतो, पण ते खरंच एक आहेत का? आणि मग आभास कुठे बसवायचा?

---

मूळ धातूच वेगळे आहेत. भास् म्हणजे चमकणं, प्रकट होणं. भ्रम् म्हणजे फिरणं, भ्रमण-परिभ्रमण तिथलंच. भासात काहीतरी समोर येतं, भ्रमात आपली बुद्धी गरगरते.

पण व्युत्पत्ती सोडा, क्रियापदं बघा, खरी गंमत तिथे आहे. भास 'होतो', बस्स. भ्रम होतोच, शिवाय माणूस भ्रमात 'राहतो', भ्रम 'फिटतो', 'दूर होतो' आणि शेवटी त्याचा भोपळा फुटतो. भासाचा भोपळा फुटल्याचं ऐकलंय कोणी? म्हणून माझी सोपी कसोटी अशी की खरं काय ते कळल्यावर जातो तो भ्रम, आणि कळूनही जात नाही तो भास.

करून बघा. दोन सारख्या लांबीच्या रेघा काढा, एकीच्या दोन्ही टोकांना बाणाच्या टोकासारखे आत वळलेले पंख, दुसरीच्या टोकांना बाहेर उघडणारे. दुसरी लांब दिसेल. म्यूलर-लायर नावाच्या जर्मन माणसाने १८८९ मध्ये ही आकृती मांडली. आता पट्टी लावून मोजा, सारख्याच निघतील, म्हणजे दुसरी लांब आहे हा तुमचा भ्रम गेला, पण पट्टी बाजूला केली की ती पुन्हा लांबच दिसते. तो भास.

---

कसोटी झकास, पण मग अशा आकृत्यांना सगळीकडे 'दृष्टिभ्रम' का म्हणतात? तुमच्या हिशोबाने दृष्टिभास पाहिजे ना!

---

पाहिजेच, पण रूढ झालाय आता, कोण बदलणार.

---

वेदान्तातला दोरी-सापाचा दृष्टान्त या कसोटीवर चोख भ्रम ठरतो, दिवा आणला की साप संपला. मृगजळाचं मात्र तसं नाही. जमीन तापली की तिच्यालगतची हवा विरळ होते, वरून येणारा प्रकाश त्यात वाकून डोळ्यात शिरतो आणि आकाशाचा तुकडा जमिनीवर दिसतो. त्याचा फोटोसुद्धा येतो! म्हणजे डोळा बिचारा खरं तेच सांगतोय, 'पाणी' हा शब्द आपण जोडतो. याउलट क्षितिजावरचा चंद्र. उगवताना केवढा थोरला वाटतो, पण फोटो काढला तर एवढासा. तेव्हाही आणि डोक्यावर आल्यावरही तो आकाशाचा साधारण अर्धा अंशच व्यापतो, हात लांब करून करंगळीचं नख धरलं की झाकला जातो. हा सगळा मेंदूचा कारभार. आपण मात्र मृगजळ आणि हा चंद्र, दोन्ही एकाच पोत्यात भरतो.

---

आभासाबद्दल. शाळेत 'वास्तव प्रतिमा' आणि 'आभासी प्रतिमा' शिकलोय सगळे. आरशातली प्रतिमा आभासी, कारण किरण आरशामागून आल्यासारखे भासतात पण तिथे कोणी नसतं, पडद्यावर धरायला गेलात तर हाती काही लागत नाही. इथे बघणाऱ्याची काही चूकच नाही. म्हणून ऑनलाइन मीटिंगला 'आभासी बैठक' म्हणतात तेव्हा मला खटकतं. कामं तर खरीखुरी गळ्यात पडतात.

---

+१. आणि भास शब्दावर आपण दोन वेगळी ओझी टाकलीत हेही लक्षात घ्या. रेनकोट माणूस दिसला, भास. फोन वाजलाच नाही तरी खिशात थरथरल्यासारखं झालं, तोही भास. एकात वस्तू आहे पण वेगळी दिसली, दुसऱ्यात वस्तूच नाही. रोजच्या बोलीत यासाठी दोन शब्द असते तर बरं झालं असतं.

अवांतर: प्रत्यक्ष म्हणजे डोळ्यासमोरचं आणि परोक्ष म्हणजे नजरेआडचं, तरी लोक 'माझ्या अपरोक्ष बोलला' म्हणतात. अपरोक्ष म्हणजे उलट समोरच की हो!

---

मला मराठीतलं 'मला दिसतं' आवडतं. 'मी बघतो' यात कर्ता मी, 'मला दिसतं' यात मी नुसता घेणारा, कोणीतरी आधीच वाढून ठेवल्यासारखं. कागदावर एक फुली काढा, तिच्या उजवीकडे ८ सेंटीमीटरवर ठिपका. डावा डोळा झाका, उजव्याने फुलीकडेच बघत कागद हळूहळू जवळ आणा, साधारण ३० सेंटीमीटरच्या आसपास ठिपका गायब होईल. डोळ्यातून नस जिथे बाहेर पडते तिथे दिसण्याची सोयच नसते, ठिपका नेमका तिथे पडतो. पण तिथे भोक दिसत नाही, कोरा कागद दिसतो! मेंदूने आजूबाजूचं बघून ठिगळ लावलं आणि आपल्याला विचारलंही नाही.

२०१५ मध्ये त्या ड्रेसच्या फोटोवरून घराघरात भांडणं झाली ती आठवतात? ड्रेस निळा-काळा होता हे कळलं, माझा भ्रम फिटला, पण फोटो मला अजून पांढरा-सोनेरीच दिसतो. उजेड कसला असेल याचा अंदाज ज्याचा त्याचा मेंदू परस्पर बांधतो आणि त्यावर रंग ठरतो असं म्हणतात.

---

सगळ्यांना धन्यवाद, काल रात्री कसोटी लावून पाहिली. रेनकोट मुद्दाम तिथेच ठेवला, लाइट घालवला आणि बघत राहिलो. माणूस परत आला, तोच, जरा वाकलेला. रेनकोट आहे हे पक्कं माहीत असूनही खांदे काही जाईनात, म्हणजे भास. मी जिंकलो म्हणून बायकोला सांगायला गेलो तर ती म्हणे, आज ओरडायला आलं होतं का? नाही ना, मग पहिल्या रात्री जे ओरडायला येत होतं तो भ्रमच होता.